विश्लेषण : बाथरूमच्या भिंतीवरची ती बारीक माशी येते कुठून? ती चावते का?

सकाळी बाथरूमचा दिवा लावला की टाइल्सवर चार-पाच काळपट ठिपके दिसतात. मगभर पाणी मारले तर ते उडतात आणि हातभर अंतरावर पुन्हा बसतात. एखादा चिरडला तर बोटाला राखेसारखी भुकटी लागते. २०२४ च्या पावसाळ्यात गुजरातमध्ये चांदिपुरा विषाणूने लहान मुलांचे बळी घेतले, तेव्हा 'सँडफ्लाय' हे नाव घरोघरी पोहोचले. भिंतीवरची माशी तीच तर नाही ना, ही शंका साहजिक आहे.

ही सँडफ्लाय आहे का?

नाही. पण नातेवाईक आहे, दोघींचे कुळ एकच. बाथरूममधली ती 'ड्रेन फ्लाय'. आपल्याकडे सर्रास दिसणाऱ्या जातीचे शास्त्रीय नाव क्लॉग्मिया अल्बिपंक्टाटा, म्हणजे पांढऱ्या ठिपक्यांची. पंखांच्या कडेला हे ठिपके दिसतात. लांबी जेमतेम ३ ते ५ मिमी, अंगभर केस आणि बसल्यावर पंखांचा आकार बदामासारखा.

सँडफ्लाय मातकट रंगाची आणि आणखी लहान असते. बसताना ती पंख इंग्रजी 'व्ही'सारखे वर धरते आणि मातीच्या भिंतींच्या भेगांत, गोठ्यात राहते. तिची मादी रक्त पिते. चांदिपुरा विषाणू (नागपूरजवळच्या चांदिपुरा गावात १९६५ मध्ये सापडला, म्हणून हे नाव) आणि काळा आजार ती पसरवते. ड्रेन फ्लाय मात्र चावतच नाही.

मग ती येते कुठून?

खिडकीतून क्वचितच. बहुतेक वेळा ती तुमच्या मोरीतच जन्मलेली असते. साबण, केस, अंगाचा मळ आणि जिवाणू मिळून पाइपच्या आतल्या बाजूला बुळबुळीत थर साचतो. मादी त्यात अंडी घालते. दोन दिवसांत अळ्या बाहेर पडतात आणि तोच थर खातात. अंड्यापासून माशी व्हायला साधारण दोन-तीन आठवडे लागतात, उकाड्यात त्याहून कमी.

इथे 'न्हाणी ट्रॅप' समजून घ्यायला हवा. प्लम्बरच नव्हे, इंग्रजी कॅटलॉगही मोरीच्या जाळीखालच्या त्या भांड्याला याच नावाने ओळखतात. त्यात सुमारे दोन इंच पाणी कायम साचून राहते आणि गटाराचा वास, किडे वर येऊ देत नाही. घर महिनाभर बंद राहिले की ते पाणी आटते आणि वाट मोकळी होते. पण पाणी असले तरी अडचण संपत नाही, कारण जाळीची खालची बाजू आणि ट्रॅपच्या भिंती पाण्याच्या वरच असतात. थर तिथेही साचतो.

त्रास काय होतो?

घरात तरी मुख्यतः किळसच. जर्मनीतल्या रुग्णालयांत पकडलेल्या याच जातीच्या माश्यांवर संसर्ग पसरवू शकणारे जिवाणू आढळले होते, म्हणून स्वयंपाकघर आणि रुग्णालयात त्या नकोतच. मेलेल्या माश्यांच्या भुकटीने दम्याचा त्रास होऊ शकतो, विशेषतः त्या मोठ्या संख्येने असतील तिथे. कमोडमध्ये अळी दिसली की ती पोटातून पडली असे समजून काही जण घाबरतात. असे रुग्ण अगदी विरळ. बहुतेक वेळा अळी आधीपासून कमोडमध्येच असते.

गंमत म्हणजे सांडपाणी शुद्धीकरणाच्या काही प्रकल्पांत हीच अळी गाळणीवरचा थर खाऊन ती तुंबू देत नाही.

उपाय काय?

स्प्रे मारून भिंतीवरच्या माश्या मरतील, पाइपमधल्या अळ्या नाहीत. अळीच्या शेपटाकडे श्वास घेण्याची नळी असते आणि ती चिकट थरात दडलेली असते, त्यामुळे वरून ओतलेले फिनेल वाहून जाते. ॲसिड आणि ब्लीच तर एकत्र कधीच ओतू नका. त्यातून विषारी क्लोरीन वायू निघतो आणि बंद बाथरूममध्ये तो जिवावर बेतू शकतो. उकळते पाणी पीव्हीसी पाइपला सोसत नाही.

आधी कुठली मोरी ते शोधा. रात्री जाळीवर सेलोटेपची पट्टी चिकट बाजू खाली करून लावा, थोडी फट ठेवा. सकाळी माश्या चिकटलेल्या दिसल्या, तर जागा सापडली. मग जाळी उचलून बाटली धुण्याच्या लांब ब्रशने आतली बाजू खरवडून घासा आणि गरम पाणी सोडा. दोन-तीन दिवसांनी पुन्हा घासा. वॉशिंग मशीनचा आउटलेट आणि बेसिनचे ओव्हरफ्लोचे भोक बहुतेकांच्या लक्षातच येत नाही, तेही पाहा.

आधीच उडणाऱ्या माश्या एक-दोन आठवडे दिसतीलच. तीन आठवड्यांनंतरही नव्या येत राहिल्या, तर टाइलखालचा पाइप फुटून तिथे ओल साचलेली असू शकते. फवारणीवाल्याआधी प्लम्बरला बोलवा.