‘निर्मळ’ ते ‘प्रदूषणमुक्त’ : शब्दार्थ, उपयोजन आणि बाळकुमची खाडी

सारांश

पाणी, हवा व परिसर दोषरहित असल्याचे सांगण्यासाठी मराठीत निर्मळ, नितळ, स्वच्छ, शुद्ध, सोवळे असे अनेक शब्द आहेत. गेल्या अर्धशतकात त्यांत ‘प्रदूषणमुक्त’ या शब्दाची भर पडली. आज हे शब्द एकमेकांच्या जागी सर्रास वापरले जातात. वास्तविक त्यांतील प्रत्येकाची कसोटी वेगळी आहे. प्रस्तुत लेखात या शब्दांची घडण, त्यांचे रूढ उपयोजन व कायद्याच्या भाषेशी असलेले त्यांचे नाते यांचा विचार केला असून, बाळकुम परिसरातील खाडीच्या उदाहरणावरून हा भेद स्पष्ट करण्याचा प्रयत्न केला आहे.

बीजशब्द : निर्मळ, नितळ, शुद्ध, सोवळे, प्रदूषणमुक्त, मानक, खाडी

प्रस्तावना

सर्वोच्च न्यायालयाच्या निर्देशानंतर विद्यापीठ अनुदान आयोगाने पदवी स्तरावर पर्यावरण अभ्यासाचा सहा महिन्यांचा अभ्यासक्रम अनिवार्य केला. तेव्हापासून सर्वच विद्याशाखांचे विद्यार्थी पर्यावरणविषयक प्रकल्प लिहू लागले. या प्रकल्पांच्या अखेरीस ‘नदी प्रदूषणमुक्त झाली पाहिजे’, ‘परिसर निर्मळ ठेवला पाहिजे’ अशी वाक्ये हमखास आढळतात. त्यांमागील भावना योग्यच आहे. परंतु प्रदूषणमुक्त म्हणजे नेमके कशापासून मुक्त, आणि ते कोणी व कोणत्या मापाने ठरवायचे, हा प्रश्न या वाक्यांत अनुत्तरित राहतो. तो केवळ भाषाशिक्षकाचा प्रश्न नाही. शब्द संदिग्ध असला की जबाबदारीही संदिग्ध होते. म्हणून सर्व विद्याशाखांच्या अध्यापकांनी त्याकडे लक्ष देणे अगत्याचे आहे.

‘निर्मळ’ शब्दाची घडण

‘निर्’ हा उपसर्ग आणि ‘मल’ हे नाम यांपासून ‘निर्मल’ हा शब्द सिद्ध होतो. ज्यातून मल निघून गेला आहे ते निर्मल, असा त्याचा विग्रह होय. कमल–कमळ, फल–फळ याप्रमाणे मराठीत ‘ल’चा ‘ळ’ होऊन ‘निर्मळ’ हे रूप रूढ झाले. मळणे, मळकट, मळका ही याच कुळातील मंडळी. याच कुळात ‘मळखाऊ’ हा एक अर्थपूर्ण शब्द आहे. ज्या रंगावर मळ दिसत नाही तो रंग मळखाऊ. मळ न दिसणे आणि मळ नसणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे व्यवहारी मराठीने या एका शब्दात नोंदवून ठेवले आहे.

‘निर्मळ’ हा शब्द घडणीने निषेधात्मक आहे. त्यात काय आहे हे सांगितले जात नाही, काय नाही एवढेच सांगितले जाते. त्यामुळे ‘मळ’ या शब्दाचा अर्थ बदलला की ‘निर्मळ’चा अर्थही बदलतो. संतसाहित्यात मळ हा प्रामुख्याने मनाचा आहे. तुकोबांनी तर ‘जीवन’ या शब्दाचे पाणी व आयुष्य हे दोन्ही अर्थ जागे ठेवून, साबण व पाणी यांच्या दृष्टान्तातून चित्ताच्या निर्मळपणाचा विचार मांडला आहे. स्थळनामात हाच शब्द पावित्र्यवाचक होतो. पूर्वीच्या ठाणे जिल्ह्यातील व २०१४ पासून पालघर जिल्ह्यात समाविष्ट असलेल्या वसई तालुक्यातील निर्मळ हे तीर्थक्षेत्र कार्तिकी यात्रेसाठी प्रसिद्ध आहे.

शासकीय भाषेत मात्र या शब्दाने आणखी वेगळे वळण घेतले. महाराष्ट्रात २०००-०१ मध्ये संत गाडगेबाबा ग्रामस्वच्छता अभियान सुरू झाले. केंद्र शासनाने २००३ मध्ये ‘निर्मल ग्राम पुरस्कार’ जाहीर केला. पुढे २०१२ मध्ये ‘निर्मल भारत अभियान’ व २०१४ मध्ये ‘स्वच्छ भारत अभियान’ अशी नावे आली. या योजनांत ‘निर्मल’ म्हणजे मुख्यतः उघड्यावरील शौचापासून मुक्त, असा अर्थ स्थिर झाला. सार्वजनिक आरोग्याच्या दृष्टीने हे कार्य मोलाचे होते, यात शंका नाही. तथापि शब्दार्थाच्या दृष्टीने एक गोष्ट ध्यानात घ्यावी लागते : ज्या गावाच्या ओढ्यात कारखान्याचे सांडपाणी मिसळते, तेही गाव या व्याख्येनुसार ‘निर्मल’ ठरू शकत होते.

नितळ, स्वच्छ आणि शुद्ध

‘नितळ’ हा डोळ्यांचा शब्द आहे. गाळ तळाशी बसून वरचे पाणी पारदर्शक झाले की ते नितळ. ‘स्वच्छ’ या शब्दाचे मूळही दृश्यच आहे : सु + अच्छ, म्हणजे चांगले पारदर्शक. गाळ बसण्याच्या क्रियेला मराठीत ‘निवळणे’ म्हणतात. आकाश निवळते, त्याचप्रमाणे तंग झालेली परिस्थितीही निवळते. पाणी निवळण्यासाठी पूर्वी ज्या झाडाचे बी भांड्याच्या आतल्या अंगाला उगाळीत, त्या झाडाचे नावच निवळी किंवा निर्मळी आहे. संस्कृतमधील हाच कतक वृक्ष होय. गढूळ पाणी निवळविण्याची सात साधने सुश्रुतसंहितेत सांगितली आहेत, त्यांत कतकाचा समावेश आहे.

आजच्या जलशुद्धीकरण केंद्रात हेच काम तुरटी करते. पाण्यातील मातीच्या सूक्ष्म कणांवर ऋण विद्युत्भार असल्याने ते एकमेकांना दूर लोटतात आणि तरंगत राहतात. तुरटीमुळे हा भार नाहीसा होतो, कणांचे पुंजके बनतात आणि ते तळाशी बसतात. परंतु विरघळलेले क्षार तुरटीने जात नाहीत आणि सर्व रोगजंतूही जात नाहीत. म्हणून पुढे गाळणी व क्लोरीन लागते. अर्थात, नितळ झालेले पाणी पिण्यायोग्य झालेच असे नाही. भारतीय मानक ब्यूरोच्या २०१२ च्या पेयजल मानकात गढूळपणाची मर्यादा वेगळी दिलेली आहे आणि १०० मिलिलिटर नमुन्यात ई-कोलाय जिवाणू मुळीच आढळू नये, ही अट वेगळी आहे. पहिली कसोटी बव्हंशी डोळ्यांना कळते, दुसरी प्रयोगशाळेलाच.

‘शुद्ध’ या शब्दाचा पसारा याहून मोठा आहे. शुद्ध सोने, शुद्ध तूप यांत भेसळीचा अभाव; शुद्ध लेखनात नियमांचे पालन; ‘शुद्ध हरपणे’ यात तर भान हाच अर्थ. त्याच्या शेजारी ‘सोवळे’ हा शब्द उभा आहे. रेशमी सोवळे रोज धुतले नाही तरी सोवळेच राहते. उलट नुकतेच धुतलेले सुती वस्त्र परस्पर्शाने ओवळे होते. येथे मळाचा संबंधच उरत नाही, संबंध उरतो तो अधिकाराचा.

महाड : दोन अर्थांचा संघर्ष

हा अर्थभेद किती दूरवर जातो, हे महाडच्या चवदार तळ्याने दाखवून दिले. सी. के. बोले यांचा सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करण्याचा ठराव मुंबई विधिमंडळात १९२३ मध्ये मंजूर झाला आणि त्यानुसार महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये तळे खुले केले. प्रत्यक्षात २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर व त्यांच्या हजारो अनुयायांनी तेथील पाणी प्राशन केल्यावर सनातन्यांनी तळे ‘बाटले’ असे ठरविले आणि गोमय, गोमूत्र आदींनी भरलेल्या घागरी तळ्यात ओतून त्याचे ‘शुद्धीकरण’ केले. कोणत्याही प्रयोगशाळेच्या कसोटीवर माणसांनी ओंजळीने पाणी पिण्याने पाणी दूषित झाले नव्हते. दूषित झाले असेल तर ते शुद्धीकरणानेच. तळ्यावरील हक्काचा न्यायालयीन निर्णय मुंबई उच्च न्यायालयात १९३७ मध्ये लागला. ‘शुद्ध’ या शब्दाची कसोटी कोणाच्या हाती आहे, यावर माणसांचे पाणी अवलंबून असते, हा या घटनेचा भाषिक धडा होय.

त्याच महाडात २५ डिसेंबर १९२७ रोजी मनुस्मृतीचे दहन झाले. त्याच ग्रंथाच्या सहाव्या अध्यायात एक दृष्टान्त आहे, हा एक विलक्षण योगायोग म्हटला पाहिजे. कतकाच्या फळाने पाणी निवळते खरे, पण नुसते त्याचे नाव घेतल्याने ते निवळत नाही, असा त्याचा आशय आहे. नाव आणि क्रिया यांतील हे अंतर आजच्या ‘प्रदूषणमुक्त’ या शब्दालाही लागू पडते.

‘प्रदूषणमुक्त’ आणि कायद्याची भाषा

‘प्रदूषण’ शब्दाच्या मुळाशी दुष् हा धातू आहे. त्यापासून आलेला ‘दूषण’ हा शब्द जुन्या मराठीत ठपका, दोष या अर्थी परिचित आहे. म्हणजे मूळ शब्दात दोष कोणाचा हा प्रश्न अंतर्भूत होता. ‘प्रदूषण’ हा शब्द पारिभाषिक झाल्यावर त्यातील कर्ता दिसेनासा झाला. पाणी कोणी दूषित ‘करत’ नाही, तेथे प्रदूषण ‘होते’, अशी वाक्यरचना रूढ झाली. ‘मुक्त’ जोडून झालेले हागणदारीमुक्त, तंटामुक्त, प्लास्टिकमुक्त हे समासही याच धाटणीचे आहेत. त्यांत अंतिम स्थितीची घोषणा असते. ती स्थिती कोणी, कशी आणली याची वाच्यता नसते.

कायदा मात्र ‘मुक्त’ हा शब्द जपून वापरतो. महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाची स्थापना १९७० साली झाली; त्याच्या नावात ‘नियंत्रण’ आहे, ‘मुक्ती’ नाही. १९७४ च्या जल अधिनियमात प्रदूषणाची व्याख्या पाण्याच्या गुणधर्मांत होणारा असा बदल, ज्यामुळे ते आरोग्याला, जीवसृष्टीला किंवा घरगुती, औद्योगिक, शेतीविषयक इत्यादी वापराला अपायकारक ठरू शकते, अशा आशयाने केली आहे. ही व्याख्या सापेक्ष आहे, वापराशी बांधलेली आहे. वाहनधारकांना परिचित असलेल्या पीयूसी प्रमाणपत्राचे पूर्ण नावही ‘प्रदूषण नियंत्रणाखाली’ असेच आहे. गाडीतून धूर निघत नाही असे ते म्हणत नाही. तो ठरावीक मर्यादेत आहे, एवढेच म्हणते.

मर्यादेचा अर्थ एका उदाहरणावरून स्पष्ट होईल. पाण्यातील सेंद्रिय घाण कुजविताना जिवाणूंना जो प्राणवायू लागतो, त्याला जैविक ऑक्सिजन मागणी म्हणतात. १९८६ च्या पर्यावरण संरक्षण नियमांतील सर्वसाधारण मानकानुसार नदीनाल्यांत सोडावयाच्या सांडपाण्यात ती लिटरला ३० मिलिग्रॅमपर्यंत चालते. स्नानयोग्य पाण्यात मात्र ती ३ मिलिग्रॅमहून अधिक असू नये. म्हणजे नियम काटेकोर पाळणारे सांडपाणीही स्नानयोग्य पाण्यापेक्षा या मोजमापात दहापट घाण असू शकते. ग्रहण करणाऱ्या प्रवाहात पुरेसे स्वच्छ पाणी असून त्यात ते विरळ होईल, हे येथे गृहीत धरलेले आहे. फेब्रुवारीनंतर ज्या नाल्यात सांडपाण्याशिवाय दुसरे पाणीच नसते, तेथे हे गृहीतक कोसळते. अशा वेळी ‘मानकांनुसार’ आणि ‘प्रदूषणमुक्त’ हे शब्द समानार्थी मानणे ही गंभीर चूक ठरते.

बाळकुमची खाडी : शब्दांची परीक्षा

बाळकुम हे ठाणे शहराच्या उत्तर अंगाचे, खाडीकाठचे जुने गाव. कशेळी पुलावरून येथून भिवंडीकडे जाता येते. पुलाखालून वाहते ते उल्हास नदीचे खाडीरूप झालेले पात्र होय. वरच्या अंगाला कल्याण-डोंबिवली आहे आणि अंबरनाथ, उल्हासनगरातून येणारी वालधुनीही कल्याणजवळ या पात्रास मिळते. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २००९ मध्ये देशातील औद्योगिक क्षेत्रांचा सर्वंकष प्रदूषण निर्देशांक काढला, तेव्हा डोंबिवलीचा निर्देशांक ७८.४१ येऊन ते अतिप्रदूषित क्षेत्रांत गणले गेले. जानेवारी २०१४ मध्ये तेथे हिरवट पाऊस पडल्याची आणि फेब्रुवारी २०२० मध्ये रस्ता गुलाबी झाल्याची घटना सर्वांना स्मरत असेल.

या खाडीला ‘नितळ’ हा शब्द कधीच लागू नव्हता आणि लागू होणारही नाही. दिवसातून दोनदा येणारी भरती तळाचा गाळ ढवळते. खारे आणि गोडे पाणी मिसळते. खाजणातील चिखलावर तिवरांची मुळे उभी असतात. गढूळपणा हा तिचा दोष नसून स्वभाव आहे. त्या गाळावरच कोळंबी, निवटी, चिंबोरी जगतात आणि त्यांवर खाडीकाठच्या कोळी-आगरी कुटुंबांची पिढ्यान्‌पिढ्या उपजीविका झाली. याउलट कारखान्यातून येणारे, विरघळलेले क्षार किंवा आम्ल असलेले पाणी दिसायला पूर्ण नितळ असू शकते. डोळ्यांची कसोटी येथे दोन्ही बाजूंनी फसते : निरोगी खाडी मळकी दिसते आणि घातक पाणी स्वच्छ दिसते.

म्हणूनच खाडीकिनारा ‘स्वच्छ’ करण्याच्या नावाखाली तिवरे तोडून, चिखल भरावाने बुजवून, फरसबंदी केली तर परिसर दिसायला सुंदर होतो, पण खाडी निर्मळ होत नाही. उलट गाळ अडविणारी तिची स्वतःची व्यवस्थाच नष्ट होते. ठाणे खाडीच्या पश्चिम काठावरील काही भाग २०१५ मध्ये रोहित पक्षी अभयारण्य म्हणून घोषित झाला व २०२२ मध्ये त्यास रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. त्या चिखलाचे मोल यातून मान्य झाले आहे.

अध्यापनासाठी काही सूचना

वरील विवेचनाच्या आधारे विद्यार्थ्यांच्या लेखनात पुढील भेद पाळला जावा, असे सुचवावेसे वाटते. पाणी पारदर्शक दिसत असेल तर ‘नितळ’ म्हणावे, त्याहून अधिक दावा करू नये. चाचणी झाली असेल तर ‘अमुक मानकानुसार पिण्यास, स्नानास किंवा शेतीस योग्य’ असे वापरासह लिहावे आणि नमुन्याचे ठिकाण व दिनांक द्यावा. खाडीच्या बाबतीत भरती की ओहोटी हेही नोंदवावे, कारण त्यानुसार निष्कर्ष बदलतो. कारखान्याकडे मंडळाचे संमतीपत्र असेल तर ‘संमतीप्राप्त’ म्हणावे, ‘प्रदूषणमुक्त’ नव्हे. ‘प्रदूषण झाले’ असे लिहिताना शक्य तेथे वाक्याला कर्ता द्यावा : सांडपाणी कोठून आले, कोणी सोडले. ‘प्रदूषणमुक्त’ हा शब्द ध्येय म्हणून वापरण्यास हरकत नाही; वस्तुस्थिती म्हणून वापरताना मात्र कोणत्या घटकापासून मुक्त, हे सांगितल्याशिवाय तो स्वीकारू नये.

निष्कर्ष

‘निर्मळ’ या शब्दाच्या विग्रहातच एक प्रश्न दडलेला आहे : मळ निघून गेला, तो कोठे गेला? एका गटारातून निघालेला मळ पुढच्या गावाच्या पाण्यात पोहोचत असेल, तर पहिली जागा स्वच्छ झाली असे म्हणता येईल, निर्मळ झाली असे नव्हे. उल्हासच्या वरच्या काठाने आपले अंगण झाडले आणि केर ओहोटीबरोबर बाळकुमला आला, तर दोन्ही ठिकाणी एकच शब्द वापरता येणार नाही. निषेधात्मक शब्द वापरणाऱ्याने निषेध कशाचा हे सांगितले पाहिजे, ही शास्त्राची तशीच भाषेचीही शिस्त आहे. ती शिस्त वर्गात रुजविणे हे पर्यावरणाच्या अध्यापकाइतकेच मराठीच्या, समाजशास्त्राच्या आणि रसायनशास्त्राच्या अध्यापकाचेही काम आहे.