पडद्यावरून आलेला शुक्रवार

१९७५ साली ‘शोले’ आणि ‘दीवार’ गाजत होते. त्याच वर्षी मोठं नाव नसलेले नट घेऊन कमी खर्चात काढलेला एक पौराणिक चित्रपटही तुफान चालला, तो म्हणजे ‘जय संतोषी माँ’. प्रेक्षक चपला बाहेर काढून थिएटरात शिरत आणि आरती सुरू झाली की पडद्यावर फुलं, नाणी उधळत.

गंमत म्हणजे जुन्या पुराणांत या देवीचा पत्ताच नाही! जोधपूरला तिचं देऊळ होतं, उत्तरेत व्रतकथेच्या पातळ पोथ्या फिरत होत्या. चित्रपट आला आणि बघता बघता देवी गावोगावच्या देव्हाऱ्यांत जाऊन बसली.

असं का झालं? पडद्यावर चमत्कार तर होतेच, पण व्रताची सगळी कृतीही तिथेच समजत होती. सोळा शुक्रवार करायचे, नैवेद्याला गूळ-चणे ठेवायचे, आंबट वर्ज्य आणि शेवटी मुलांना जेवू घालून उद्यापन. ना भटजी लागतो, ना मोठा खर्च. नियम मोडला तर काय होतं, तेही दिसतं : जळकुट्या जावा उद्यापनाच्या जेवणात आंबट कालवतात आणि अनर्थ ओढवतो. एवढं पाहून आल्यावर शुक्रवारच्या आमटीत आमसूल घालायची कुणाची छाती होणार? प्रसाद खाल्लेल्या पोरांची त्या दिवशी शाळेबाहेरची चिंचही बंद.

आपल्याकडे तर जमीन आधीच नांगरलेली होती. श्रावणी शुक्रवारी जिवतीची पूजा करून सवाष्णींना दूध-फुटाणे देणं ही जुनीच रीत. ओळखीचा वार, ओळखीचा खाऊ. त्यात उषा मंगेशकरांच्या आवाजातल्या आरत्या. मग नवी देवी परकी वाटलीच नाही.

भाविकांच्या देशातच असं घडतं असं मात्र समजू नका. २०१५च्या ‘स्पेक्टर’ या बाँडपटात मेक्सिको सिटीच्या रस्त्यावरून सांगाड्यांच्या वेशातली प्रचंड मिरवणूक निघते. ‘मृतांचा दिवस’ हा तिथला सण जुना, पण तो घरात पूजा मांडून आणि कबरींवर फुलं वाहून साजरा होई. त्या शहरात अशी मिरवणूक निघतच नव्हती! चित्रपट पाहून पर्यटक ती शोधत येणार, हे ओळखून २०१६ साली ती खरोखरच काढली गेली. आता ती दरवर्षीची झाली आहे.

दोन्हीकडे मेख एकच. पडद्यावरचं जे आपल्या जुन्या सवयीला चिकटतं आणि लगेच करून बघता येतं, ते टिकतं. एका पिढीत ते ‘परंपरा’ होऊन बसतं. तेव्हा पुढच्या लग्नात संगीताचा कार्यक्रम ठरवताना आणि नवरदेवाचे बूट पळवताना कुणी “आपल्याकडे असंच असतं” म्हणालं, तर एकदा आजीला विचारून बघा.