दृश्याची साक्ष आणि निवेदनाचे शब्द

इतिहासविषयक अनुबोधपटासाठी जुने चित्रखंड मिळवून देणाऱ्या संशोधकाचे काम केवळ हुडकून काढण्याचे असते, असा समज आढळतो. वस्तुतः खंड हाती आल्यावरच त्याच्या खऱ्या कामास प्रारंभ होतो. दृश्य ‘असे घडले’ एवढेच सांगते. कोठे, केव्हा व कोणी, हे शब्दांनी सांगावे लागते. ते शब्द चुकले, तर खरे दृश्यही खोटी साक्ष देते.

१९३० च्या मिठाच्या सत्याग्रहाचे उदाहरण घ्यावे. ६ एप्रिल रोजी गांधीजींनी दांडी येथे मिठाचा कायदा मोडला. त्याच सुमारास अंधेरीलगतच्या विलेपार्ले येथे जमनालाल बजाज, किशोरलाल मशरूवाला प्रभृतींनी सत्याग्रहाची छावणी उभारली. चौपाटीवर अवंतिकाबाई गोखले व कमलादेवी चट्टोपाध्याय यांनी मीठ तयार केले. पुढे मे-जूनमध्ये सत्याग्रही वडाळ्याच्या मिठागरांवर चालून गेले. दांडीयात्रेचे चित्रण मुंबईच्या शारदा व कृष्णा या चित्रपटसंस्थांनी केले होते. सरकारने त्यांच्या वार्तापटांवर बंदी घातली.

आता या काळातील, शीर्षकफलक नसलेला एखादा मूक तुकडा हाती आला, तर तो कोणत्या स्थळाचा समजावा? कोडॅकच्या फिल्मच्या कडेवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणांनी निर्मितीचे वर्ष दर्शविलेले असे. तथापि त्या खुणा वीस वर्षांनी पुन्हा येतात; शिवाय त्यांवरून फिल्म बनल्याचे वर्ष कळते, चित्रणाचे नव्हे. म्हणून मागील पाट्यांची लिपी, स्त्रियांच्या लुगड्यांची नेसण, किनाऱ्याची ठेवण व तत्कालीन वृत्तपत्रांतील वर्णने यांचा मेळ घालावा लागतो. एकच पुरावा निर्णायक मानणे धोक्याचे असते.

ध्वनीच्या बाबतीत हा धोका अधिक संभवतो. फॉक्स मूव्हीटोनने बोरसद येथे गांधीजींची सध्वनी मुलाखत चित्रित केली ती १९३१ मध्ये. लंडनमध्ये कोलंबिया कंपनीने त्यांचे भाषण ध्वनिमुद्रित केले तेही त्याच वर्षी. यांपैकी एखादा आवाज १९३० च्या मूक दृश्यावर बसविला, तर दोन्ही घटक अस्सल असूनही त्यांचा संयोग अनैतिहासिक ठरतो.

विठ्ठलभाई झवेरी यांच्या १९६८ च्या ‘महात्मा’ या सुमारे साडेपाच तासांच्या, तेहतीस रिळांच्या अनुबोधपटासारख्या कृतीत असे निर्णय पदोपदी घ्यावे लागतात. निर्णय होत नसेल, तेथे नोंदीत ‘स्थळ अनिश्चित’ असे लिहिणे हेच शास्त्रीय होय. कारण विलेपार्ले किंवा वडाळा येथील सत्याग्रहींना निवेदनात ‘दांडीचा जनसमुदाय’ म्हटले, की ज्यांनी तेथे लाठ्या खाल्ल्या व तुरुंगवास भोगला, त्यांची स्वतंत्र नोंद उरत नाही. आणि एकदा पडद्यावर उच्चारलेले चुकीचे नाव पुढील अनुबोधपटांत पुरावा म्हणून वापरले जाते.