भुईखालचे गणित

लातूर जिल्ह्यातल्या मुरुडच्या शिवारात बोअर घ्यायचे ठरले की दोन प्रकारच्या माणसांना बोलावणे जाते. पहिला पाणाड्या. तळहातावर नारळ आडवा ठेवून किंवा दोफाट्याची ओली काडी धरून तो बांधाबांधाने फिरतो आणि नारळ उभा राहील तिथे दगड ठेवायला सांगतो. दुसरा मशीनवाला. तो एका रेषेत चार सळया ठोकतो, बॅटरी जोडतो, वहीत आकडे टिपतो आणि सळयांमधले अंतर वाढवत नेतो. शेतकरी बहुधा दोघांचेही ऐकून घेतो, कारण बोअर कोरडे गेले तर खर्च त्याच्याच माथी बसणार असतो.

या भागात पाण्याचा प्रश्न किती टोकाला जाऊ शकतो ते एप्रिल 2016 मध्ये देशाने पाहिले. मांजरा धरण आटले होते आणि लातूर शहराला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले. दहा टाक्यांची, पाच लाख लिटर पाण्याची पहिली गाडी 12 एप्रिलला पहाटे लातूरला पोचली. कुर्डुवाडी, बार्शी, ढोकी, मुरुड या मार्गाने ती आली. ज्या शिवारांतून ती गेली तिथे शेकडो फूट खोल बोअर त्याआधीच आटलेले होते.

मशीनवाल्याच्या चार सळयांमागे अडीचशे वर्षांचे गणित आहे. त्याला विभव सिद्धांत म्हणतात आणि गणितातल्या विश्लेषण या शाखेचा तो एक जुना, भक्कम खांब आहे. याच गणिताने हिमालयाची ओढ मोजली, किल्लारीच्या भूकंपानंतर मराठवाड्याच्या पोटात डोकावण्याचा प्रयत्न केला आणि आता उपग्रहावरून भूजलाची घट मोजली जाते. वरून मोजून खालचे किती कळू शकते हे सांगणारे गणित आणि किती कळूच शकत नाही हे सिद्ध करणारे गणित एकच आहे, ही त्यातली खरी गंमत.

सुरुवात बारावीच्या पुस्तकापासून करता येते. ‘लातूर पॅटर्न’च्या शिकवण्यांमध्ये हजारो मुले दरवर्षी विद्युत विभवाची गणिते सोडवतात: एका बिंदूवरच्या प्रभारामुळे होणारा विभव अंतराच्या व्यस्त प्रमाणात असतो. गुरुत्वाकर्षणालाही तोच नियम लागू पडतो. न्यूटनने 1687 मध्ये गुरुत्वबलाचा नियम मांडला, पण बलाला दिशा असते आणि हजारो वस्तुमानांच्या दिशांची बेरीज करणे जिकिरीचे काम. अठराव्या शतकात लाग्रांजने आणि मग लाप्लासने हा व्याप सोपा केला. प्रत्येक ठिकाणी फक्त एक संख्या ठेवायची, विभव. बल लागेल तेव्हा त्या संख्येच्या उतारावरून काढायचे.

लाप्लासने दाखवले की जिथे वस्तुमान नाही अशा मोकळ्या जागेत हा विभव एक साधे समीकरण पाळतो: तिन्ही दिशांतल्या दुसऱ्या अवकलजांची बेरीज शून्य. शब्दांत सांगायचे तर मोकळ्या जागेत कोणत्याही बिंदूवरची किंमत ही त्या बिंदूभोवतीच्या गोलावरच्या सगळ्या किमतींची सरासरी असते. सरासरी म्हटले की शिखर आणि खळगा दोन्ही बाद. विभवाची सर्वांत मोठी आणि सर्वांत लहान किंमत मोकळ्या प्रदेशाच्या आत सापडत नाही, ती सीमेवरच असते. म्हणूनच सीमेवरच्या किमती कळल्या की आतल्या सगळ्या ठरून जातात. वस्तुमानाच्या आत काय होते ते प्वासाँने 1813 मध्ये सांगितले.

पुढचे पाऊल टाकले नॉटिंगहॅमजवळच्या एका पिठाच्या गिरणीवाल्याने. जॉर्ज ग्रीनने फारसे शालेय शिक्षण नसताना 1828 मध्ये वर्गणीदारांच्या मदतीने एक निबंध छापून काढला. सीमेवरची माहिती आत कशी न्यायची याची हत्यारे त्यात होती. ग्रीन 1841 मध्ये वारला तेव्हा निबंधाची दखल फारशी कुणी घेतलेली नव्हती. विल्यम थॉमसनच्या हाती 1845 मध्ये त्याची प्रत लागली आणि मग तो युरोपभर पोचला. त्यातून निघणारा एक निष्कर्ष भूगर्भशास्त्रज्ञांची कायमची डोकेदुखी ठरला. जमिनीखालच्या कोणत्याही वस्तुमानाऐवजी तेवढेच वस्तुमान त्याला वेढणाऱ्या एखाद्या पृष्ठभागावर योग्य रीतीने पसरले, तर बाहेरचा विभव तसाच्या तसा राहतो. बाहेर उभ्या असलेल्या उपकरणाला दोन्हींतला फरक ओळखता येणे अशक्य.

ही डोकेदुखी जगापुढे पहिल्यांदा आली ती भारताच्या सर्वेक्षणातून, आणि त्या सर्वेक्षणाची रेषा लातूर-नांदेडच्या शेजारून गेली आहे. कन्याकुमारीकडून निघालेल्या महा-चापाच्या, म्हणजे लांबलचक दक्षिणोत्तर रेषेच्या, मोजणीसाठी विल्यम लॅम्ब्टनने 1815 मध्ये बीदरजवळ दामरगिद्द्याला एक पायारेषा मोजली. याच कामावर असताना 1823 च्या जानेवारीत वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला त्याचा मृत्यू झाला. पुढे जॉर्ज एव्हरेस्टने चाप उत्तरेला नेला. मोजणी पुरी झाल्यावर सिरोंजजवळचे कल्याणपूर आणि मुझफ्फरनगरजवळचे कलियाना या दोन ठाण्यांमधले अक्षांशांचे अंतर ताऱ्यांवरून एक आले आणि जमिनीवरच्या मोजणीवरून दुसरे. फरक 5.236 विकलांचा.

ताऱ्यांवरून अक्षांश काढताना आधाराला धरलेला ओळंबाच हिमालयाकडे ओढला जात असणार, अशी शंका आली. कलकत्त्याचे आर्चडीकन जॉन हेन्री प्रॅट यांनी पर्वताच्या ओढीचे गणित मांडले, तर फरक 15.885 विकलांचा हवा असे उत्तर निघाले. हिमालय जेवढा दिसतो तेवढा ओढत नव्हता. 1855 मध्येच जॉर्ज एअरीने सुचवले की पर्वताखाली हलक्या खडकाची मुळे खोल गेलेली असावीत. प्रॅट यांनी नंतर दुसरा खुलासा केला: उंच भागाखालचा खडकच कमी घनतेचा असावा. मोजमाप एक, चित्रे दोन आणि दोन्ही गणिताला मान्य. कोणते चित्र कुठे खरे, याचा निकाल पुढे भूकंपलहरींच्या अभ्यासातून लागत गेला.

हाच पेच मराठवाड्याच्या वाट्याला वेगळ्या रूपात आला. इथली जमीन म्हणजे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचे एकावर एक बसलेले थर. गुरुत्वमापकाने त्याखाली काय आहे ते शोधायचे तर गणिताची पहिलीच अट आडवी येते. सर्वत्र सारख्या जाडीच्या, अमर्याद पसरलेल्या थराची ओढ त्याच्या खोलीवर अवलंबून नसते. थर शंभर मीटरवर असो की हजार मीटरवर, आकडा तोच. कडा असेल, जाडी बदलत असेल, खोलगट भाग असेल, तरच नकाशावर काही उमटते.

असे उमटलेले काही कृष्णब्रह्मम आणि नेगी या शास्त्रज्ञांनी 1973 मध्ये वाचले. दख्खनच्या गुरुत्व नकाशावरच्या कमी ओढीच्या पट्ट्यांवरून त्यांनी लाव्ह्याखाली दोन खचदऱ्या दडलेल्या असाव्यात असे मांडले: एक कोयनेच्या बाजूला, दुसरी कुर्डुवाडीची. कुर्डुवाडीचा पट्टा वायव्येकडून आग्नेयेकडे जाणारा. कमी ओढ म्हणजे लाव्ह्याखाली हलक्या गाळाचा जाड साठा, असा तो तर्क. पण तीच कमी ओढ खोलवर कवच जाड असल्यानेही मिळू शकते, आणि विरोधी मत तसेच होते. नकाशा दोघांनाही हाकलून देत नव्हता.

प्रश्न कागदावरचा राहिला नाही तो 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती, गणपती बोळवून गावे झोपली होती. 3 वाजून 56 मिनिटांनी किल्लारी परिसरात 6.2 तीव्रतेचा भूकंप झाला. दगडमातीच्या जाड भिंतींखाली हजारो माणसे गेली. पुरातन, स्थिर मानलेल्या भूखंडाच्या पोटात असा भूकंप का व्हावा, याचा शोध सुरू झाला आणि काही अभ्यासकांनी त्याचा संबंध कुर्डुवाडीच्या रेषेशी जोडला.

हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिकी संशोधन संस्थेने तिथे गुरुत्व, विद्युत आणि चुंबकीय अशा अनेक वाटांनी मोजणी केली. पृथ्वीतल्या नैसर्गिक विद्युत-चुंबकीय लहरी वापरणाऱ्या पद्धतीने साधारण 6 ते 10 किलोमीटर खोलीवर विजेला वाट देणारा, बहुधा द्रवाने भरलेला पट्टा सुचवला. आणि मग संस्थेने किल्लारीत 617 मीटर खोल बोअर घेतले. 338 मीटरपर्यंत काळा पाषाण लागला, त्याखाली फक्त 8 मीटर गाळाचा थर आणि मग थेट पुरातन आधारखडक.

आठ मीटर गाळाची ओढ किती? घनतेतला फरक घनसेंटिमीटरला अर्धा ग्रॅम धरला तर साधारण 0.17 मिलिगॅल, म्हणजे पृथ्वीच्या एकूण ओढीचा अठ्ठावन्न लाखावा भाग. आधुनिक गुरुत्वमापक याहूनही बारीक फरक टिपतो. पण सारख्या पसरलेल्या थराचा फरक दिसणार तरी कुठे? कोयनेकडे रासाटीला 1522 मीटरपर्यंत बोअर गेले तेव्हा सुमारे 933 मीटर लाव्हा ओलांडल्यावर गाळ न लागता सरळ ग्रॅनाइटी खडक लागला. जाड गाळाच्या खचदरीचा तर्क तिथे तरी ढिला पडला. एका बोअरने सबंध पट्ट्याचा निकाल लागत नाही, मात्र गणिताने उघडी ठेवलेली दोन दारे असतील तर त्यातले एक लोखंडी सळईच बंद करते.

मुरुडच्या शिवारातला मशीनवाला याच पेचाची धाकटी आवृत्ती रोज हाताळतो. कॉनराड श्लुम्बर्झेने फ्रान्समध्ये 1912 मध्ये ही पद्धत पहिल्यांदा आजमावली. बाहेरच्या दोन सळयांतून वीज जमिनीत सोडायची, आतल्या दोन सळयांमधला विभवाचा फरक मोजायचा. अंतर वाढवले की वीज खोल जाते. कोरडा, अखंड काळा पाषाण विजेला अडवतो. झिजलेला, ओला मुरूम तिला वाट देतो. अडचण अशी की काळ्या पाषाणांमध्ये दबलेल्या पातळ थराबद्दल वर फक्त जाडी भागिले रोधकता एवढा भागाकारच पोचतो. 20 ओहम-मीटरचा पाच मीटर थर आणि 40 ओहम-मीटरचा दहा मीटर थर जवळपास एकच आलेख देतात. शिवाय लाव्ह्याच्या दोन थरांमधली लाल माती विजेला मुरमासारखीच वाट देते, पण पाणी सोडत नाही. म्हणून भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेचा भूवैज्ञानिक आसपासच्या विहिरींचे थर आधी पाहतो, आलेख नंतर.

खोलीचा परिणाम याहून निष्ठुर. गोधडीखाली ठेवलेला हात वरून कळतो, पण एकावर एक पाच गोधड्या टाकल्या की नुसता अंदाज राहतो. विभवाचे तसेच आहे, फक्त इथे हिशोब नेमका देता येतो. एक किलोमीटर तरंगलांबीचा चढउतार एक किलोमीटर वर येईपर्यंत सुमारे 535 पट क्षीण होतो. उलट खाली जायचे, म्हणजे मोजलेल्या आकड्यावरून मूळ चढउतार काढायचा, तर 535 ने गुणावे लागते आणि मोजणीतली चूकही तेवढ्याच पटीने फुगते. अशा प्रश्नांना गणितात दुःस्थित म्हणतात. झाक अदामारने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्यांची व्याख्या नीट बांधली.

शुद्ध गणितातही याच काळात मोठी उलथापालथ झाली. सीमेवरच्या किमती दिल्या तर आत लाप्लासचे समीकरण पाळणारे फलन असतेच, हे रीमानने गृहीत धरले होते. 1870 मध्ये वायरश्ट्रासने त्या युक्तिवादातली फट दाखवली. हिल्बर्टने फट बुजवली, तर लेबेगने 1912 च्या सुमारास आत वळलेल्या अतितीक्ष्ण काट्याचा असा प्रदेश रचला की काट्याच्या टोकावर सीमेची किंमत पाळलीच जात नाही. टोक कधी चालते आणि कधी नाही, याचा निकष नॉर्बर्ट वीनरने दिला. 1944 मध्ये काकुतानीने या सगळ्याला अनपेक्षित रूप दिले: आतल्या बिंदूपासून पूर्णपणे यदृच्छेने भटकत निघालेला कण सीमेला जिथे पहिल्यांदा आपटतो तिथल्या किमतीची सरासरी काढा, तोच त्या बिंदूवरचा विभव. लेबेगच्या काट्याच्या टोकाशेजारून निघालेला कणही काटा चुकवून दूर जाऊ शकतो.

यदृच्छेच्या या वाटेवर एक मराठी नाव भेटते. गोव्यात 1907 मध्ये जन्मलेले दामोदर धर्मानंद कोसंबी इतिहासकार म्हणून सर्वांना ठाऊक आहेत. पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात गणित शिकवत असताना 1943 मध्ये त्यांनी यादृच्छिक वक्रांना मूलभूत तरंगांच्या बेरजेत उलगडण्याची रीत प्रसिद्ध केली. फिनलंडच्या कारहुनेन आणि फ्रान्सच्या लोएव्ह यांनी ती पुढच्या काही वर्षांत स्वतंत्रपणे मांडली आणि बराच काळ त्यांचीच नावे तिला चिकटली. आता कोसंबींचेही नाव जोडले जाते. दोन्ही टोके बांधलेल्या यादृच्छिक वक्राला ही रीत लावली की समोर येतो तो ताणलेल्या तारेचाच ग्रीन-फलनाचा हिशोब. ढगांच्या नकाशांपासून खडकांतल्या मोजणीचा गोंगाट गाळण्यापर्यंत ही रीत आज वापरात आहे.

सर्वांत उंचावरून मोजणी करणारी जोडी 17 मार्च 2002 रोजी अवकाशात गेली. ग्रेस नावाचे हे दोन उपग्रह एकमेकांमागे फिरत आणि त्यांच्यातले अंतर सतत मोजत. खालच्या वस्तुमानात बदल झाला की अंतर किंचित बदले. 2009 मध्ये रॉडेल, वेलिकोन्या आणि फॅमिलिएटी यांनी यावरून काढले की राजस्थान, पंजाब, हरियाणा मिळून दरवर्षी सुमारे 17.7 घन किलोमीटर भूजल कमी होत होते. मग लातूरचे का नाही काढायचे? कारण पुन्हा तेच 535 चे गणित. शेकडो किलोमीटर उंचीवरून शेकडो किलोमीटर रुंदीचेच चित्र दिसते. लातूर जिल्हा सव्वासात हजार चौरस किलोमीटरही नाही. तो शेजाऱ्यांत मिसळून जातो आणि वेगळा काढता येत नाही.

त्यामुळे जिल्ह्याच्या आणि शिवाराच्या पातळीवर जमिनीजवळून केलेली हवाई मोजणीही हवी आणि बोअरही. केंद्र सरकारच्या भूजलधर नकाशा प्रकल्पाचे महाराष्ट्रातले प्रायोगिक ठिकाण नागपूर जिल्ह्यातले चंद्रभागा पाणलोट क्षेत्र होते. तिथे हेलिकॉप्टरला टांगलेल्या मोठ्या तारकड्यातून विद्युत-चुंबकीय स्पंद सोडले गेले आणि जमिनीतून परतणारा प्रतिसाद टिपला. काळ्या पाषाणाची जाडी आणि त्याखालचे थर काही दिवसांत पाणलोटभर रेखाटता आले, आणि त्यातले कोणते थर खरोखर पाणी धरतात हे तपासण्यासाठी निवडक ठिकाणी बोअर घेतले गेले.