अब्रूचे दोन पहारेकरी

३० ऑक्टोबर १९६१ रोजी पश्चिम जर्मनी आणि तुर्कस्तान यांच्यात मजूरभरतीचा करार झाला, तेव्हा कारखान्यांना हवे होते ते राबणारे हात. ते काही वर्षे राबतील आणि परततील, असा हिशेब होता. आमच्या अर्थशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांतही श्रम हा उत्पादनाचा एक घटकच. त्या घटकाला मुलीबाळी असतात, हे तेथे लिहिलेले नसते. नोव्हेंबर १९७३ मध्ये तेलसंकटाच्या छायेत भरती बंद झाली. पण एकदा परतलो तर पुन्हा प्रवेश नाही, या धास्तीने अनेकांनी उलट कुटुंबेच बोलावून घेतली.

अभिनेत्री सिबेल केकिली यांचे आईवडील १९७७ मध्ये जर्मनीत आले आणि १९८० मध्ये हाइलब्रोन येथे सिबेल यांचा जन्म झाला. प्रारंभी त्या तेथील नगरपालिकेत नोकरीस होत्या. अभिनयाचे शिक्षण त्यांनी घेतलेले नव्हते. तरीही फातिह आकिन यांच्या 'गेगेन दी वान्ड' या चित्रपटात त्यांना नायिकेची भूमिका मिळाली. घरच्या जाचातून सुटण्यासाठी नाममात्र लग्न करणाऱ्या मुलीची ही कथा. २००४ मध्ये तिला बर्लिन महोत्सवाचे सुवर्ण अस्वल मिळाले. त्यानंतर काही दिवसांतच 'बिल्ड' या खपाऊ दैनिकाने, केकिली यांनी पूर्वी अश्लील चित्रपटांत काम केल्याचा गाजावाजा केला. वृत्तपत्र परिषदेने त्या दैनिकाला ठपका दिला खरा. परंतु तोवर आईवडिलांशी संबंध तुटले होते. कुळाची अब्रू राखणारे आणि अंकाचा खप वाढविणारे, दोघेही अखेर स्त्रीच्या देहाचाच जाब मागतात!

२०१० च्या 'दी फ्रेम्डे' या फेओ आलादाग यांच्या चित्रपटात हाच प्रश्न अधिक उग्र रूपात आला. मारकुट्या नवऱ्याला सोडून मुलासह बर्लिनला माहेरी आलेल्या उमायला बापभावांचा जिव्हाळा मिळतो, पण आसरा मिळत नाही. आणि शेवटी बळी जातो तो त्या निष्पाप मुलाचा. तिच्यावर माया करणारी माणसेच तिला दूर लोटतात, हे या चित्रपटाने दाखविले म्हणून तो मला प्रचारकी वाटत नाही.

स्त्रीहक्कांसाठी झटणाऱ्या 'तेर दे फाम' या संस्थेच्या कार्यात केकिली सहभागी झाल्या. २००६ मध्ये बर्लिनच्या एका सभेत मुस्लिम कुटुंबांतील हिंसेविषयी त्या बोलल्या, तेव्हा तुर्की वाणिज्यदूत उठून गेले. त्यांचे विधान सरसकट होते, असे माझेही मत आहे. मात्र सरसकट विधानाचा प्रतिवाद करता येतो. रिकाम्या खुर्चीने तो होत नाही. शिवाय हा प्रश्न काल्पनिकही नव्हता: जुलमाचा विवाह हा स्वतंत्र गुन्हा म्हणून जर्मन दंडसंहितेत दाखल व्हायला २०११ साल उजाडले. २०१५ च्या महिला दिनी केकिली राष्ट्राध्यक्षांच्या निवासस्थानी याच विषयावर बोलल्या; २०१७ मध्ये त्यांना राष्ट्रीय सन्मानपदक मिळाले.

दरम्यान २०१० ते २०१७ या काळात 'ताटोर्ट' या लोकप्रिय दूरचित्रवाणी मालिकेत त्यांनी कील शहरातील पोलीस अधिकाऱ्याची भूमिका केली. त्या अधिकाऱ्याचे नाव होते सारा ब्रान्ट.