तीन आकड्यांत मावणारी कोयना

कोयना धरणाची उंची 103 मीटर. पाणी अगदी काठोकाठ आहे असं धरा आणि सांगा, धरणाच्या एकेका मीटर लांबीला ते किती जोराने रेटतं? हिशेब सोपा: उंचीचा वर्ग करायचा, त्याचा निम्मा घ्यायचा, उत्तर टनांत. स्लाइड रूलवर, म्हणजे सरकत्या गणनपट्टीवर, कर्सरची रेघ डी पट्टीवरच्या 103 वर आणली की वरच्या ए पट्टीवर वर्ग तयार असतो: 106. पुढची शून्यं डोक्यातली. म्हणजे 10,600, त्याचे निम्मे 5,300 टन. कॅल्क्युलेटर म्हणेल 5,304.5. आठशे मीटरहून लांब धरणाचा संकल्प करताना त्या साडेचार टनांवाचून काही अडत नाही.

कोयनेचं धरण 1950च्या दशकात उभं राहू लागलं, तेव्हा मुंबईत एकही डिजिटल संगणक नव्हता. टाटा मूलभूत संशोधन संस्थेचा ‘टिफरॅक’ रीतसर चालू झाला 1960 साली. त्या काळच्या इंजिनिअरकडे होती लॉग टेबलं, हाताने फिरवायची गणकयंत्रं आणि खिशात स्लाइड रूल. सांगलीत विश्रामबागला 1947 साली निघालेलं इंजिनिअरिंग कॉलेज, जे पुढे वालचंद कॉलेज झालं, आणि कराडचं 1960चं सरकारी कॉलेज, दोन्ही याच पट्टीच्या जमान्यातली.

गुणाकार, पण बेरजेने

पट्टीची युक्ती घरी करून पाहता येते. 25 सेंटिमीटरची रेघ घ्या. डाव्या टोकाला 1, उजव्या टोकाला 10. आता 2 हा आकडा मांडायचा साडेसात सेंटिमीटरवर आणि 3 मांडायचा 11.9 वर. ही दोन्ही अंतरं एकापुढे एक ठेवा: 19.4. तिथे बरोबर 6 येतो! अंतरांची बेरीज झाली आणि आकड्यांचा गुणाकार. हे घडतं लॉगरिदममुळे. स्कॉटलंडच्या जॉन नेपियरने ते 1614 साली जगापुढे मांडले आणि दहाएक वर्षांतच इंग्लंडच्या विल्यम ऑट्रेडने लॉगरिदमच्या दोन पट्ट्या एकमेकींवर सरकवल्या. तिथून पुढे साडेतीनशे वर्षं हे साधन टिकलं.

मात्र पट्टी दशांश चिन्ह सांगत नाही. 2.35, 235 आणि 23,500 तिच्यावर एकाच जागी असतात. उत्तर शेकड्यात की हजारात, हे माणसालाच ठरवावं लागतं. ही उणीव नव्हे, उत्तम शिकवण होती असं मला मनापासून वाटतं. पट्टी हातात घेण्याआधीच अंदाजे उत्तर मनात तयार ठेवावं लागे.

आपल्याकडे तशी तयारी शाळेतच होत असे. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दीडकी, अडीचकी आणि साडेतीनची औटकी! अपूर्णांकांचे हे पाढे ज्याला तोंडपाठ, त्याला पोफळीच्या वीजघराचा हिशेब अवघड नाही. कोयनेचं पाणी सह्याद्रीतून पश्चिमेला वळवून पावणेपाचशे मीटरच्या आसपास खाली सोडतात. सेकंदाला एक घनमीटर पाणी तेवढं पडलं, तर गळती-घर्षण सोडून साडेचार मेगावॉटहून जास्त वीज. पट्टीवर एक सरक, एक नजर.

किर्लोस्करवाडीचा घन

के पट्टी घन काढते. तिचं खरं काम पाहायचं तर पंपाकडे जा. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी 1910 साली औंध संस्थानातल्या माळावर वसवलेली, आज सांगली जिल्ह्यात असलेली किर्लोस्करवाडी नांगरानंतर पंपांसाठी नावाजली. सेंट्रिफ्यूगल पंपाचा वेग दहा टक्क्यांनी वाढवला, की पाणी दहाच टक्के जास्त येतं, पण लागणारी शक्ती वेगाच्या घनाने वाढते, म्हणजे 1.33 पट. मोटर का जळते, ते या एका ओळीत आहे.

दमट हवेत लाकूड फुगतं आणि पट्टी अडकते. म्हणून जपानच्या हेम्मी कंपनीने आपले स्लाइड रूल बांबूचे केले. अमेरिकेच्या पिकेटने केले ॲल्युमिनियमचे आणि तिची छोटी पट्टी अपोलोच्या अंतराळवीरांबरोबर गेली. मग 1972 साली ह्यूलेट-पॅकार्डचा खिशात मावणारा ‘एचपी-35’ आला. किंमत 395 डॉलर, तरी त्यानंतर काही वर्षांतच पट्ट्यांचे कारखाने थंडावले.

0.05

11 डिसेंबर 1967. पहाटे चार वाजून एकवीस मिनिटं. कोयनानगर हादरलं, सुमारे 180 माणसं गेली. धरण उभं राहिलं, पण त्याच्या उंच भागांना पुढून आणि मागून आडव्या भेगा पडल्या.

संकल्पात भूकंपासाठी धरलेला आकडा होता 0.05, म्हणजे गुरुत्वाकर्षणाच्या वीस भागांतला एक भाग इतका आडवा धक्का. दख्खनचा पठारी प्रदेश स्थिर, असाच तेव्हा समज होता. धरणातच बसवलेल्या यंत्राने प्रवाहाच्या दिशेत नोंदवला 0.49 च्या आसपास. जवळजवळ दहापट! पट्टीवर जेमतेम तीन आकडे वाचता येतात, पण इथे तिसरा आकडा चुकला नव्हता. गुणाकार बिनचूक होते, गृहीतच तोकडं होतं. आठ आकडी कॅल्क्युलेटरनेही 0.05 घेऊन तेच सांगितलं असतं.

दुसरी गोष्ट आकाराची. बांधकाम चालू असतानाच आराखडा बदलला आणि मागच्या बाजूचा उतार माथ्यापासून साधारण साडेछत्तीस मीटर खाली एकदम मोडला. ताण तिथेच एकवटला. भूकंपानंतर पोलादी केबल ताणून भेगाळलेले भाग आवळले आणि मागून काँक्रीटचे भक्कम टेकू दिले. 1973 साली अनिल चोप्रा आणि चक्रवर्ती या संशोधकांनी कॅलिफोर्नियात संगणकावर धरणाचे लहान लहान तुकडे पाडून, हादऱ्याची खरी नोंद वापरून ताण मोजले. भेगा जिथे पडल्या, तिथेच ताण काँक्रीटच्या कुवतीबाहेर गेलेले निघाले.

तेव्हापासून आपली कोयना जगभरच्या धरण-अभियंत्यांचा नमुना प्रश्न झाली आहे. ‘अबॅकस’ या नावाजलेल्या सॉफ्टवेअरच्या उदाहरणांतही ती आहे: 103 मीटर उंचीचा तोच भाग, 1967चाच हादरा. सातारा नकाशावर कुठे आहे हे ठाऊक नसलेला विद्यार्थी ते चालवतो आणि पडद्यावर भेग उमटते ती मागच्या बाजूला, उतार मोडतो तिथे.