फ्लॅश करण्याआधी ‘पर्सिस्ट’ची प्रत घ्या

अँड्रॉइड फोनमध्ये नवी रॉम टाकणारे फोटो आणि कॉन्टॅक्ट जपतात. ज्या थोड्याशा मेगाबाइटवर फोनची रेंज अवलंबून असते, त्यांची प्रत मात्र फार थोडे जण घेतात.

फोनची मेमरी पार्टिशनमध्ये विभागलेली असते. ‘बूट’, ‘सिस्टिम’ ही पार्टिशनं एका मॉडेलच्या सगळ्या फोनमध्ये सारखीच. ती बिघडली तर मूळ फर्मवेअर पुन्हा टाकलं की भागतं. पण क्वालकॉमच्या चिपवरची ‘मॉडेमएसटी१’, ‘मॉडेमएसटी२’, ‘एफएसजी’ आणि ‘पर्सिस्ट’ ही ज्याची त्याची असतात. कारखान्यात तो एकच फोन तपासून काढलेली रेडिओची आणि सेन्सरची कॅलिब्रेशन मूल्यं त्यांत साठवलेली असतात. मीडियाटेकच्या फोनमध्ये ‘एनव्हीरॅम’ आणि ‘एनव्हीडेटा’ हेच काम करतात. ही पार्टिशनं पुसली गेली तर दुसऱ्याच्या फोनमधली फाइल कामाची नाही.

बिघाड लगेच ध्यानात येत नाही, हे जास्त वाईट. फोन सुरू होतो, स्क्रीन चालते, गाणी वाजतात. सिमला मात्र रेंज नाही. *#०६# डायल केलं तर १५ आकडी आयएमईआयच्या जागी शून्यं किंवा कोरी ओळ.

म्हणून क्रम पाळावा. बूटलोडर अनलॉक करताना फोनमधला सगळा डेटा पुसला जातो. तो आधीच काढून ठेवावा. मग रूट मिळताच, दुसरं काहीही फ्लॅश करण्याआधी, ‘डीडी’ कमांडने या पार्टिशनच्या प्रती काढाव्यात, संगणकावर न्याव्यात आणि दोन्हीकडचा शा-२५६ हॅश जुळतो का ते पाहावं. प्रत फोनमध्येच ठेवली तर ती घेतली नाही असंच समजा.

रॉमची फाइल नेमक्या आपल्याच मॉडेलची हवी, आणि जुनी आवृत्ती टाकण्याआधी अँटी-रोलबॅकची, म्हणजे मागे जाणं रोखणाऱ्या कुलपाची, चौकशी हवी. पिक्सेल ६ वर अँड्रॉइड १३ आल्यानंतर बूटलोडर मागे नेता येत नाही, असं गूगलनेच २०२२ मध्ये जाहीर केलं होतं. बदललेली पार्टिशनं तशीच ठेवून बूटलोडर पुन्हा लॉक करणं तर कटाक्षाने टाळावं; पडताळणी फसते आणि फोन सुरूच होत नाही.

रेंज गेल्यावर कुणी ‘नवा आयएमईआय टाकून देतो’ म्हणालं, तर स्पष्ट नकार द्या. दूरसंचार कायदा, २०२३ नुसार या क्रमांकात फेरफार करणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.